चाळीस बर्गर आणि चाखायला कुणी नाही

शमाला धास्ती घ्यायला निमित्त लागत नसे. कुकरची शिट्टी उशिरा झाली की तिला वाटायचं, आता हा फुटणार. नवऱ्याला, अफजलला, दुकानातनं यायला दहा मिनिटं उशीर झाला की ती दारात उभी राहून नीरा रस्त्यावरनं जाणारे उसाचे ट्रॅक्टर बघत बसायची आणि प्रत्येक ट्रॅक्टर आपल्याच नवऱ्याच्या अंगावर घालायची. फोन वाजला तरी हिला धसका, नाही वाजला तरी धसका. अफजल म्हणायचा, "हिला एखाद्या दिशी काळजी करायला काय न्हाय मिळालं, तर त्याचीच काळजी करंल." ते काही खोटं नव्हतं. पण मार्चातल्या त्या शुक्रवारी तिनं जी धास्ती घेतली ती वायफळ नव्हती, एवढं तिच्या बाजूनं आधीच सांगून ठेवलेलं बरं.

शमाचं माहेर भिगवण. वडील मासळीच्या लिलावात उभे असायचे आणि आई रस्त्याकडेच्या एका खाणावळीत चिलापी मासे तळायची. रव्यात घोळवलेला तुकडा तेलात कधी सोडायचा आणि कधी उलटायचा, हे शमाला आठव्या वर्षी कळायला लागलं होतं. एकोणिसाव्या वर्षी लग्न होऊन ती वडगाव निंबाळकरात आली. अफजलचं मोटारींची तार नव्यानं भरून द्यायचं दुकान. विहिरीवरची मोटर जळली की माणसं ती गाडीत टाकून थेट त्याच्याकडं, त्यामुळं उन्हाळा लागला की त्याला घास गिळायलाही सवड नसायची. घर गल्लीच्या मधोमध. समोर द्वारकाबाई, एकटी विधवा बाई, जिचा निम्मा दिवस शमाच्या स्वयंपाकघरात जायचा. आणि गल्लीच्या टोकाला ठमाबाईंचं घर, दारात अकरा म्हशींचा गोठा. त्या गोठ्याचं दूध रोज सकाळी शमाच्या घरी यायचं.

बर्गरचं खूळ दोन वर्षांपूर्वी शिरलं. ठमाबाईंच्या मुलानं, इंद्रजितनं, आपल्या लेकीला, छकुलीला, आणि शमाच्या अफशीनला बारामतीत नेऊन बर्गर खाऊ घातला. दोघी एकाच वर्गातल्या, एकीला शिंक आली की दुसरी नाक पुसणार. अफशीन घरी येऊन म्हणाली, "अम्मी, आपल्याकडं कर की."

शमानं जन्मात बर्गर बघितला नव्हता. "आत काय असतं त्यात?"

"बटाटावडाच असतो. पण चपटा. आन् चव नसलेला."

आता चव नसलेला पदार्थ शमाच्या हातनं होणार कसा? तिनं बटाटा-वाटाणा उकडला, धणे-जिरे-बडीशेप भाजून कुटलं, घरचा कांदा-लसूण मसाला घातला, भिजवलेल्या पोह्यांनी मिश्रण बांधलं आणि आईच्या चिलापीसारखं रव्यात घोळवून तळलं. वरनं चक्क्यात कालवलेली पुदिन्याची चटणी आणि कांद्याची चकती. छकुलीनं दोन खाल्ले आणि तिसऱ्यासाठी जमिनीवर लोळली. तेव्हापासनं महिन्यातनं एकदा तरी शमाच्या घरी बर्गर व्हायचे आणि छकुली वासावरच यायची. पोरीनं तिथं खाल्लेलं ठमाबाईंना ठाऊक होतं. पोरांचं काय एवढं, म्हणून त्या सोडून द्यायच्या.

आता ठमाबाईंचं सांगायला हवं, कारण सगळं घोडं तिथंच अडलेलं होतं. बाई वाईट मुळीच नव्हे. अफशीनच्या वेळी शमा अडली तेव्हा पहाटे चारला मुलाला उठवून, गाडी काढायला लावून बारामतीच्या दवाखान्यात स्वतः बरोबर गेलेली बाई. पण शमाच्या घरचं शिजलेलं त्या खात नसत. त्यावरून कधी बोलणं झालं नाही, भांडण तर नाहीच नाही. ईदला शमाच्या घरनं त्यांच्याकडं कोरडा शिधा जायचा: शेवया, साखर, खारीक, काजू, चारोळी. ठमाबाई तो पदर पसरून घ्यायच्या, आपल्या चुलीवर आपल्या म्हशीच्या दुधात शिरखुर्मा करायच्या, आणि वर वाटीभर शमाला धाडायच्या. "बघ गं, जमलाय का तुमच्यावानी?" म्हणजे आपल्याच शेवया शिजून आपल्याच घरी परत. अफजल पोट धरून हसायचा. शमाही हसायची. पण सतरा वर्षांत एकदाही तिला ते हसू मनापासनं आलं नव्हतं.

आणि त्या शुक्रवारच्या आठ दिवस आधी, सकाळी पातेल्यात दूध ओतता ओतता ठमाबाई म्हणाल्या, "शमे, पुढच्या शुक्रवारी छकुलीचा वाढदिवस हाय. ती म्हणतीया केक नगं, अफशीनच्या अम्मीचं बर्गर पायजेत. जीव खाल्लाय पोरीनं. चाळीस करशील? रोजं हायत न्हवं तुझं, झेपंल का?"

"झेपंल की आत्या."

"अंडं-बिंडं न्हाय ना घालत त्यात?"

"न्हाय न्हाय. नुस्ता बटाटा आन् वाटाणा."

"मंग मी बी खाईन एक. त्या दिशी संकष्टी हाय. चंद्र बघून उपास सोडते, मंग खाते. बघू तरी, पोरगी कशापायी येडी झालीया." असं म्हणून त्या दुधाची किटली उचलून पुढच्या दाराला गेल्यासुद्धा.

शमा पातेलं धरून उभीच. सतरा वर्षांनी ती बाई तिच्या हातचं खाणार होती, आणि तेही एकच. तो एक जर बिघडला, तर पुन्हा कशाला खाईल? तोंडानं काही म्हणणार नाही, ईदला पदर पसरेल, वाटी धाडेल, आणि सगळं होतं तिथंच जाऊन बसेल. शमाच्या धास्तीला असं घसघशीत खाद्य आजवर मिळालं नव्हतं.

मग काय विचारता! नवी कढई आणली, नवा झारा आणला. ओटा सोड्यानं तीनदा घासला. मटणाची पातेली वरच्या फळीवर, कपड्यात गुंडाळून. बारामतीच्या बेकरीत स्वतः जाऊन विचारलं, बनमध्ये अंडं असतं का? नसतं. वरनं चकाकतो तो कशानं? दुधानं. नक्की ना? बेकरीवाला वैतागून म्हणाला, "ताई, आता पावावर हात ठेवून शपथ घेऊ का?" अफजल मोटारसायकलवर बसून वाट बघत होता. तो म्हणाला, "एवढी तयारी आपल्या निकाहाला बी झाली न्हवती."

"तुमाला काय कळतंय त्यातलं," शमा म्हणाली, आणि वडगाव येईपर्यंत बनचा खोका मांडीवर घट्ट धरून बसली.

या सगळ्या धांदलीत बाई एक गोष्ट साफ विसरली. चाखणार कोण?

रोज्यात पदार्थ जिभेच्या टोकावर ठेवून थुंकला तर चालतो, असं सांगणारे आहेत. शमाला ते कधी जमलं नव्हतं. पाणीसुद्धा न घेतलेल्या जिभेवर मसाला ठेवायचा आणि मग तो गिळायचा नाही, हे तिच्यानं होत नसे. महिनाभर ती हाताच्या अंदाजानं इफ्तारचा स्वयंपाक करायची. कधी अळणी झालं तर अफजल मुकाट्यानं वरनं मीठ घ्यायचा, विषय संपला. आजच्या बर्गरसाठी तिनं मनात द्वारकाबाई धरून ठेवली होती. समोरच तर राहते, जीभही तिखट आहे, दोन्ही अर्थांनी नसली तरी बोलण्याच्या अर्थानं नक्कीच. आणि शुक्रवारी सकाळी अकराला द्वारकाबाई आली ती हातात भिजलेला साबुदाणा घेऊन.

शमाची नजर आधी साबुदाण्यावर गेली. "काकू, तुमचा बी उपास?"

"मंग? संकष्टी न्हवं? हितनं मोरगाव किती लांब हाय? ह्या गावात संकष्टी कोन सोडतंय?"

"या अल्ला! मंग बर्गरचं मीठ कोन बघंल?"

द्वारकाबाईनं परातीत डोकावलं. "नुस्ता बटाटा असता तर उपासाला चालला असता गं. पर त्यात वाटाणा हाय, आन् आता हळद-लसूण पडणार. माझ्या तोंडाला न्हाय लागायचं ते."

शमा दाराशी गेली. गल्ली रिकामी. पोरं शाळेत, पाचशिवाय सुटणार नाहीत. शिवाय अफशीन शाळेतनं परस्पर छकुलीकडं फुगे फुगवायला जाणार होती. घरात मोठी माणसं दोनच, दोघंही रोज्याची. तेवढ्यात डेअरीचे कॅन घेऊन राम मोटारसायकलवरनं आला. शमानं त्याला हात केला. "रामभाऊ, जरा थांबा. एवढं चाखून सांगता का?"

रामनं कपाळावरच्या गंधाकडं बोट केलं. "वयनी, आज चतुर्थी हाय." आणि गेला बिचारा.

एवढं चार-पाच हजार वस्तीचं गाव, आणि मीठ बघायला एक रिकामं तोंड मिळू नये! शमा ओट्याला टेकून बसली. तिच्या डोळ्यांत पाणीच यायचं बाकी होतं. द्वारकाबाईला मात्र तिचा रागच आला. "अगं, चाखायचं काय एवढं घिऊन बसलीस? आमी नैवेद्य कधी चाखून करतो का? देवाच्या आदी जिभेला लावायचंच न्हाय. चाळीस वर्सं पुरण, कटाची आमटी, वरण सगळं हाताच्या अंदाजानं करतीया. एकदा बी मीठ चुकलं न्हाय."

"आमी बी महिनाभर तसंच करतो की," शमा जरा ताठ होऊन म्हणाली.

"मंग झालं तर! रडतीस कशाला?"

असं दोघींनी एकमेकींना आपापल्या हाताचं मोठेपण ऐकवलं आणि द्वारकाबाई साबुदाणा परतायला घरी गेली. शमानं बटाटे सोलले. चार किलो बटाटा, किलोभर वाटाणा. गरम असतानाच तिनं मीठ घातलं, कारण गरम बटाट्यातच ते मुरतं. आई घालायची तशी मूठ भरली, थोडं परत डब्यात सोडलं, पुन्हा थोडं घेतलं, बिस्मिल्ला म्हणून परातीत टाकलं. मिठाचा डबा उघडाच ठेवून, मसाल्याचं ताट शेजारी मांडून ती नमाजाला गेली. नमाजातही तिचं लक्ष परातीतच होतं, हे तिचं तिलाच कबूल होतं, आणि त्याबद्दल तिनं शेवटी वेगळी माफी मागून घेतली.

ती परत आली तोवर द्वारकाबाई पदर खोचून परातीपाशी बसलेली. मसाला सगळा कालवून तयार. हात कोपरापर्यंत पिवळा. "मी म्हटलं बसून काय करू. घातला सगळा मसाला. बघ, कसा रंग आलाय."

"काकू, मीठ..."

"मिठाची काळजी सोड तू. मीठ येकदम बरोबर हाय."

शमाच्या जिवात जीव आला. एवढी चाळीस वर्षं नैवेद्य करणारी बाई नुसत्या कालवण्यावरनं सांगते आहे म्हणजे आपली मूठ बरोबर पडली. तरी टिक्क्या थापताना तिनं एकदा विचारलं, "काकू, मीठ असंल न्हवं बरोबर?" रव्यात घोळवताना पुन्हा विचारलं. तळताना तिसऱ्यांदा तोंड उघडलं तेव्हा द्वारकाबाईनं झाराच दाखवला. तेलाचा वास, भाजक्या धण्याचा वास, पोटात सकाळी पाचपासनं काही नाही, आणि समोर सोनेरी टिक्क्यांची रास. एक मोडून तोंडात टाकली की सगळा प्रश्न मिटत होता. दोघी त्या राशीकडं बघत बसल्या आणि एकीनंही हात लावला नाही.

साडेपाचला इंद्रजित गाडी घेऊन आला. टिक्क्यांचे दोन मोठे स्टीलचे डबे, बनचा खोका, चटणीचं पातेलं. "वयनी, वास तर गोठ्यापतुर आलाय. पोरं तितं सगळी नाचाय लागलीत. तुमी बी या."

"रोजा सोडून येते," शमा म्हणाली. गाडी वळेपर्यंत ती दारात उभी होती. गाडीतले डबे कलंडतील अशी एक नवी धास्ती तिनं तेवढ्यात घेतलीच.

घरी तिनं दोनच टिक्क्या ठेवल्या होत्या, एक अफजलची, एक आपली. मगरिबची अजान झाली. खजूर, पाणी, आणि मग तिनं बन उघडून टिक्की घातली आणि घास घेतला.

तो घास तोंडात फिरेना. मीठ! नुसतं जास्त नव्हे, जीभ आक्रसून घशात जाईल असं मीठ. तिनं अफजलकडं बघितलं. तो चावत होता. कुठंही न बघता, अत्यंत मन लावून चावत होता. सतरा वर्षांच्या संसारात हा माणूस तिच्या स्वयंपाकाला कधी वाईट म्हणाला नव्हता, आणि आता कसं म्हणायचं तेच त्याला सुचत नव्हतं.

"बोला की!"

"जरासं... मीठ वर झालंय," अफजल म्हणाला आणि तांब्याभर पाणी एका दमात प्याला.

शमा अनवाणीच गल्ली ओलांडून द्वारकाबाईच्या दारात. द्वारकाबाई चंद्राची वाट बघत वाती करत होती. "काकू, खरं सांगा. तुमी मीठ घातलंवतं?"

"व्हय तर. तू नमाजाच्या घाईत घालायची इसरलीवतीस. डबा उघडाच. म्हटलं, बोलून कशाला दाखवायचं, रोज्याची पोर हाय, मनाला लावून घील. घातलं आपलं गुपचूप, माझ्या मुठीनं."

"मी घातलंवतं काकू!"

द्वारकाबाईच्या हातातली वात खाली पडली. तिची मूठ तर शमाच्या दीडपट. कुणाला कुणावर ओरडायचं तेही कळेना, कारण दोघींनीही अंदाज अगदी बरोबरच घातला होता.

शमा धावली. ठमाबाईंच्या अंगणात मांडव, फुगे, आणि पोरांची ही झुंबड. पण पोरं बर्गरपाशी नव्हती, पाण्याच्या जारपाशी होती. कठड्यावर, पायरीवर, फुलांच्या कुंडीत, जागोजाग एक-एक घास तोडलेले बर्गर ठेवलेले. अफशीन कोपऱ्यात उभी, चेहरा पडलेला. एकटी छकुली तेवढी आपला बर्गर खात होती, डोळ्यांतनं पाणी येत होतं तरी खात होती. शमाला बघितल्यावर तिनं आणखी मोठा घास घेतला.

इंद्रजितची बायको सारजा लगबगीनं पुढं आली. "या या, शमावयनी! काय मस्त झालेत बर्गर! सगळ्यांनी नावाजले."

"सारजा, मीठ लई झालंय. मला आत्ता कळलं..."

"छे छे! कुठं काय? छानच झालेत."

"एक नंबर वयनी," इंद्रजित मागनं म्हणाला. त्याच्या हातात ताकाचा ग्लास होता.

आजूबाजूच्या बायाही माना डोलावू लागल्या. छान हो, वेगळीच चव हो, मेहनत लई घेतलीत. एक जण तर रेसिपी मागायला लागली. जेवढं कुणी छान म्हणत होतं तेवढी शमा आतनं खचत होती. शेजारणीच्या हातनं आमटी खारट झाली तर याच बाया तिला दहा वर्षं चिडवतात, तोंडावर हसतात. हिला मात्र सगळ्या पाहुणीसारखं गोड बोलत होत्या. अशा गोडपणाला तोंड तरी कसं द्यायचं?

"आत्यांना तेवढं देऊ नका," ती सारजाला हळूच म्हणाली. "माझं ऐका. त्यांना न्हाय सोसायचं."

"अवो, तुमी उगी काळजी करताय. त्यांचं ताट वाढून ठिवलंय." सारजानं आत बोट केलं. स्वयंपाकघरात ठमाबाई पाठमोऱ्या बसून मोदक तळत होत्या. शेजारी देवाचं ताट, आणि त्याच्या पलीकडं, वाटीखाली झाकलेला एक बर्गर. शमा उंबऱ्याशी थबकली. सतरा वर्षांत ती या उंबऱ्याच्या आत कधी गेली नव्हती. हाक मारावी तर मागनं बाया बघत होत्या. तिनं अफशीनचा हात धरला आणि घरी आली.

त्या रात्री सव्वानऊला चंद्र उगवला. शमानं तो दारातनं बघितला आणि मनात म्हणाली, आता सुटला उपास. आता घेतला असेल घास. अफजल म्हणाला, "मीठच हाय गं, इख न्हवं." तिनं दार लावून घेतलं.

सकाळी दूध आलं नाही. म्हणजे आलं, पण ठमाबाई आल्या नाहीत. सारजानं घाईनं ओतलं आणि मान खाली घालून गेली. शमा काय समजायचं ते समजली. भांडी घासताना तिनं नवी कढई दोनदा घासली आणि फळीवर पालथी घालून टाकली.

दहाच्या सुमारास दारात चपला वाजल्या. ठमाबाई. काखेत कालचे दोन्ही डबे, कपाळाला आठ्या. दारातनंच त्यांचा आवाज घरात घुसला, समोरच्या घरापर्यंत गेला.

"काय गं शमे, मिठाचं पोतं उपडं केलंवतंस का त्यात? खारट का खारट! मीठ हाय का माती, काय बघायचं का न्हाय?"

शमा ओल्या हातांनी उभी राहिली. कालपासनं सगळं गाव तिला छान छान म्हणत होतं, आणि ही पहिली बाई तिच्या दारात येऊन तिच्यावर ओरडत होती. तिला रडू फुटलं, ते आवरेचना.

"रडतीस काय? आँ? मीठ जास्त झालं म्हणून कुनी मरतं का?"

"तुमी खाल्लं, आत्या?"

"मंग! खाते म्हटलंवतं न्हवं? अख्खा खाल्ला. रातभर तीन तांबे पाणी प्याले, सकाळी डोकं वर उचलंना म्हणून सारजाला धाडलं दूध घिऊन. त्या सारजीला इचारलं, तर म्हणती छान झालंवतं. म्हटलं, भवाने, तुझ्या जिभेला काय लकवा झालाय का? तोंडावर सांगायचं न्हाय, आन् मागनं म्हशीच्या पाटीत टाकायचं! शेण खाल्लं समद्यांनी." त्यांनी डबे दाणकन उंबऱ्याशी ठेवले. "बावीस शिल्लक हायत, न उष्टावलेल्या. टाकायच्या न्हाईत. बटाटं उकडाय लाव, बिनमिठाचं. पोरांस्नी मी सांजच्याला परत बोलावलंय."

आणि बोलता बोलता डबे उचलून त्या आत आल्या, ओट्याखालचा पाट ओढला आणि बसल्या. शमानं बटाटे धुऊन कुकरला लावले. तिला काहीतरी बोलायचं होतं, पण ठमाबाईंना सवड नव्हती. बटाटे उकडायला लागले तसं त्यांनी टिक्क्या मोडायला घेतल्या. वरचं रव्याचं कवच वेगळं, आतला मसाला वेगळा. मोडता मोडता म्हणाल्या, "धणं भाजून घातल्यात व्हय? वास चांगला हाय. बडीशेप जरा कमी घाल." चार उकडलेले बटाटे गेले, मग आणखी चार, मग आणखी. समोरनं द्वारकाबाई आली, मीठ दोनदा कसं पडलं ते सांगितलं आणि गुन्हेगारासारखी दारातच उभी राहिली.

"ये, तू बी ये," ठमाबाई म्हणाल्या. "दोघींनी मिळून मारलंवतं मला."

परात गच्च भरली. ठमाबाईंनी सगळं एकजीव केलं, आणि बोटाच्या टोकावर थोडं घेऊन, कुणाकडं न बघता, तोंडात टाकलं. गल्लीत कुणाचा तरी ट्रॅक्टर गेला. शमानं तिकडं बघितलंसुद्धा नाही.

"आता अळणी झालं बघ," ठमाबाई म्हणाल्या.

शमाचा हात मिठाच्या डब्याकडं गेला. ठमाबाईंनी तो वरच्या वर धरला. "तू न्हाय. तुझा रोजा हाय. आन् हिची मूठ तर मला ठावंच झाली. आन हिकडं."

शमानं डबा पुढं केला. ठमाबाईंनी चिमूटभर मीठ टाकलं, कालवलं, आणि पुन्हा चाखलं.